सड्यावरच्या नादविद्यालयासाठी

प्रिय मित्रा,

तुझ्या कादंबरीचा आराखडा वाचला. देवगड आणि विजयदुर्गाच्या मधे कुठेतरी सड्यावर, म्हणजे कातळाच्या पठारावर उभं असलेलं, नादातून जादू शिकवणारं विद्यालय! कल्पना मला मनापासून आवडली. अडचण एकच वाटते. तुझी मुलं सूर लावतात आणि लगेच दार उघडतं, वारा पडतो. मंत्र कधी लागतो, कधी फसतो, याला काही धरबंधच नाही. माझं ऐकशील तर जादू हवी तेवढी अचाट ठेव, पण तिच्या अटी नादाच्या खऱ्या नियमांतून घे. मंत्र फसला की त्याचं कारण कानाला ऐकू आलं पाहिजे.

पहिलं वर्ष नुसतं तंबोऱ्यावर काढ. षड्ज सेकंदाला २४० कंपनांचा धर. मुलांनी आधी जोडाच्या दोन तारा जुळवायच्या. एक २४० वर आणि दुसरी २४२ वर असेल तर आवाज सेकंदाला दोनदा फुगतो आणि ओसरतो. तारा जवळ येतात तशी ही लाट संथ होत जाते आणि जुळल्या की थांबते. मग खर्ज, म्हणजे खालचा सा, १२० वर, शेवटी पंचम १८० वर. खुंटीने फक्त जवळपास यायचं, बारीक काम मण्याचं. घोडी म्हणजे तारा जिच्यावर टेकतात ती पट्टी; मणी तिच्यापासून खाली सरकवला की तार ताणते आणि सूर चढतो. खुंटी घसरत असेल तर तिला खडू लावायचा. नवशिकी मुलं खुंटीनेच शेवटपर्यंत पिळत बसतात आणि तार तोडतात.

त्यानंतर जवारी, म्हणजे तंबोऱ्याच्या आवाजातली झणकार. घोडीचा माथा किंचित उतरता असतो आणि तार त्यावर घासत कंप पावते, म्हणून वरचे स्वरांश, म्हणजे मूळ सुरात मिसळून वाजणारे वरचे सूर, उजळतात. तारेखालचा सुती दोरा केसभर हलवला तरी फरक पडतो. जागा चुकली की आवाज बंद होतो, नाहीतर नुसता चरचरतो. दोरा फिरवूनही जवारी खुलत नसेल तर घोडी घासून जवारी काढायला मिरजेच्या कारागिरांकडे पाठवावी लागते. विद्यार्थ्यांच्या हाती कानस देऊ नकोस. जास्त घासलं गेलेलं परत येत नाही.

पुढच्या वर्गाची प्रवेशपरीक्षा इथेच ठेव. चारही तारा नीट लागल्या की गंधार ऐकू येतो, आणि एकही तार गंधारात लावलेली नसते! तो खर्जाचा पाचवा स्वरांश, म्हणजे १२० च्या पाचपट ६००, तार सप्तकातला गंधार. ज्याला तो ऐकू आला, त्याला आत घ्यावं. तुझ्या विद्यालयातली सगळी जादू या न छेडलेल्या सुरातून निघाली तर तिला पाया मिळेल.

मंत्र पेटीवर म्हणावा का, हा प्रश्नही आपोआप सुटतो. मध्य सप्तकात शुद्ध गंधार ३०० वर येतो. पेटीचे बाराही स्वर समान अंतरावर असल्यामुळे तिचा गंधार जवळजवळ ३०२.४ वर बसतो. तंबोऱ्यातल्या ६०० च्या गंधाराशी त्याचा दुपटीचा स्वरांश सेकंदाला जवळजवळ पाच वेळा थरथरतो. पेटीवर म्हटलेल्या उघडमंत्राने दार नुसतं थडथडेल, उघडणार नाही. पेटी भजनाला ठेव, तिथे तिचं मोल मोठं आहे.

मृग लागला की सगळं बिघडतं आणि तुझ्या कथेला हे फार उपयोगी आहे. दमट हवेत पखवाजाचं कातडं सैलावतं, सूर उतरतो, वाद्यांखालचे लाकडी गट्ठे ठोकून चढवावा लागतो. लाकडी खुंट्या फुगून अडकतात. खाऱ्या वाऱ्याने पोलादी तारा गंजतात, म्हणून वाजवून झाल्यावर कोरड्या फडक्याने पुसायच्या. शिवाय कौलांवर पाऊस कोसळत असताना मंद्र सप्तकातलं काहीच कानी पडत नाही. संकट आषाढात आण.

पखवाजाच्या उजव्या तोंडाची शाई, म्हणजे मधला काळा लेप, लोहचूर्णाची आणि कायमची. तिच्या वजनामुळे चामड्याचे विस्कळीत स्वरांश सुरेल मालिकेत येतात, हे शास्त्रज्ञ सी. व्ही. रामन यांनी १९२० साली दाखवलं. डाव्या तोंडावर मात्र दर वेळी ताजी सैल कणीक थापतात आणि वाजवून झालं की खरवडून काढतात. कणीक वाळली की हलकी होते, नाद चढतो, मग ती सुटायला लागते. जमीन हलवणारे मंत्र या तोंडाला दे. कणीक ओली आहे तोवरच मंत्र टिकेल. मुदत वेगळी सांगायला नको.

पाण्याच्या वर्गात एक सापळा ठेव. जलतरंगाच्या वाडग्यात पाणी वाढवलं की सूर उतरतो, कारण काठाला पाण्याचं वजन ओढून न्यावं लागतं. बाटलीत फुंकर मारताना पाणी वाढवलं तर सूर चढतो, कारण तिथे हवा वाजते आणि हवेची जागा कमी होते. आघात आणि फुंकर यांत गल्लत करणाऱ्या मुलाचा मंत्र उलटा पडेल.

वाळूच्या आकृत्या तू लिहिल्या आहेसच. जर्मन शास्त्रज्ञ क्लाड्नीने त्या १७८७ मध्ये प्रसिद्ध केल्या. पितळी पत्रा मधोमध घट्ट बसवायचा, कडेवरून व्हायोलिनचा राळ लावलेला गज ओढायचा. वाळू स्थिर रेषांवर गोळा होते. कडेला बोट टेकवण्याची जागा बदलली की आकृती बदलते. पुळणीवरची वाळू तशीच वापरली तर चिकटून बसते, कारण मीठ ओल धरतं. गोड्या पाण्याने धुऊन, उन्हात वाळवून, चाळून घ्यायची.

वेळापत्रक भरतीवर बांध. तिथीची पाऊणपट केली की पूर्ण भरतीची वेळ साधारण कळते. चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा. समुद्राचे वर्ग रोज पाऊण तासाने पुढे सरकतील.

शेवटच्या परीक्षेतल्या छड्या आणि ठिणग्या काढून टाक, कृपा कर. आपल्याकडे डबलबारी असताना त्यांची गरज काय? दोन भजनी बुवा समोरासमोर, एकाने टाकलेल्याला दुसऱ्याने उत्तर द्यायचं, अभंग, गवळण आणि मग चढत्या लयीचा गजर. लय ज्याच्या हातून सुटेल त्याचा मंत्र सुटेल. त्यात प्रतिध्वनीही घे. तीस अंश तापमानात आवाज सेकंदाला सुमारे ३४९ मीटर जातो. समोरचा कातळकडा १७५ मीटरवर असेल तर हाक एका सेकंदाने परत येते. मिनिटाला साठ मात्रांच्या लयीत ती नेमकी पुढच्या मात्रेवर पडते, पण लय वाढली की तीच आडवी येते. तुझ्या नकाशात मंडप कड्यापासून किती लांब आहे ते कळव, म्हणजे गजराची लय काढून पाठवतो.

तुझाच,
जुना मित्र