मॅडम, तुम्ही काकांसाठी परत आलात

आदरणीय मॅडम,

सप्रेम नमस्कार. तुमचं नाव लिहीत नाही, तुम्हाला ते आवडणार नाही. पण भोसरीतल्या आमच्या छोट्या टूलरूममध्ये आजही तुमचाच विषय निघाला, म्हणून लिहायला बसलो.

आमच्या डायची, म्हणजे पत्रा दाबून आकार देणाऱ्या साच्याची, ड्रॉइंग्ज चोरीला गेली तेव्हा मी तुमच्याआधी पोलिसांत दुसऱ्याच दारात गेलो होतो. तिथले साहेब म्हणाले, "फायली तुमच्या कॉम्प्युटरवर आहेत ना? मग चोरी कसली? दिवाणी मामला आहे, वकील गाठा." तीन खेपा घातल्या. दाबल्यावर पत्रा किती मागे उसळतो, हे ट्रायल घेऊन घेऊन बसवायला आम्हाला २ वर्षं लागली होती. तेच आकडे, आमच्या एका चुकलेल्या त्रिज्येसकट, चाकणच्या गिऱ्हाइकाकडे दुसऱ्याच्या कोटेशनबरोबर पोचले होते. कुणी ऐकूनच घेईना.

तुम्ही ऐकलंत. "मूळ जागेवर राहतं, म्हणून तर अशी चोरी उशिरा कळते," म्हणालात आणि २००० च्या माहिती तंत्रज्ञान कायद्याची ४३ आणि ६६ ही कलमं लावलीत. पुढचं कोर्ट बघेल.

मला लिहायचंय ते आमच्याकडे कामाला असलेल्या काकांबद्दल. किल्ली त्यांच्याकडे, रात्री शेवटी निघायचे तेच, म्हणून संशयितांत पहिलं नाव मीच त्यांचं दिलं. २६ वर्षं सोबत असलेल्या माणसाचं! चौकशीनंतर काका जेवणाच्या सुट्टीत ग्राइंडरमागे एकटे बसायला लागले.

कॉपी कुणाच्या लॉगिनवरून झाली ते निघाल्यावर तुम्ही फोनवर सांगितलं असतंत तरी चाललं असतं. तुम्ही स्वतः आलात. प्रेस बंद करायला लावलीत, सगळ्यांना गोळा केलंत आणि म्हणालात, "काका, तुमचा यात काडीचाही संबंध नाही. त्रास झाला, माफ करा." सगळ्यांदेखत बोलावलं होतं, तर मोकळंही सगळ्यांदेखतच करायचं. हे कुठल्या कलमात नाही, मॅडम. मला मालक असून सुचलं नाही. वर्दीत अशी माणसं आहेत, हे मी आता भेटेल त्याला सांगतो.

त्या दुपारी काका डबा घेऊन पुन्हा सगळ्यांत येऊन बसले. मीही माफी मागितली, पण तुमच्या नंतर. ते काही बोलले नाहीत. भाकरी मोडून अर्धी माझ्या पुढ्यात ठेवली.

आपला,
भोसरीतला एक टूलरूमवाला