नाना, तुमच्या सोळा फ्रेमसाठी

आदरणीय नाना,

सा. न. वि. वि.

मूकपटातल्या अभिनेत्री कमलाबाई गोखले यांच्यावरचा कार्यक्रम जळगावात नीट उभा राहिला, तो तुमच्यामुळे. सारंगखेड्याच्या यात्रेत तंबूत सिनेमा दाखवलेला तुमचा हात. त्याचं ऋण चारचौघांत मान्य करावं म्हणून हे पत्र.

१९१३च्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये तारामती झाले ते साळुंके, एक पुरुष नट. फाळक्यांच्या पुढच्याच ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये कमलाबाई मोहिनी झाल्या आणि त्यांच्या आई दुर्गाबाई कामत पार्वती. कमलाबाई तेव्हा जेमतेम तेरा वर्षांच्या, पण लहानपणापासून रंगभूमीवर वाढलेल्या. शेवटच्या रांगेपर्यंत शब्द पोचवायची सवय, आणि इथे शब्दच नाही! सगळी भिस्त डोळे, हात आणि पावलांवर. त्या काळची ही अभिनयाची रीत दाखवायला आम्ही १९१९च्या ‘कालिया मर्दन’चा आधार घेतला. त्यात सुरुवातीलाच फाळक्यांची मुलगी मंदाकिनी एकामागून एक भाव दाखवते. आमच्या पडद्यावर मात्र ती नुसती तोंडं वेडावल्यासारखी दिसत होती.

“पाय देख, पाय!” तुम्ही म्हणालात, आणि चूक सापडली: फिल्म फार वेगानं पळत होती.

कॅमेऱ्याचं हँडल सेकंदाला दोन फेरे, एका फेऱ्यात ८ फ्रेम, म्हणजे सेकंदाला १६. हजार फुटांचं रीळ अशा चालीनं १६ मिनिटं ४० सेकंद चालतं. आजच्या नेहमीच्या २४ फ्रेमनं सोडलं की जेमतेम ११ मिनिटांत संपतं. संगणकावर स्पीड ६७ टक्के करा आणि दर दुसरी फ्रेम दोनदा येऊ द्या, हे तुम्हीच सांगितलंत. फ्रेमची सरमिसळ करणारा पर्याय चालू राहिला तर एका हाताचे दोन धूसर हात दिसतात. शिवाय कॅमेरा हातानं फिरवलेला, त्यामुळे एकच आकडा सगळीकडे लागू पडत नाही. प्रत्येक शॉटमध्ये पावलं आणि उडणारं पाणी बघून वेग ठरवायचा. यमुनेतली उडी त्या बेतानं लावली तेव्हा कुठे अंगाला वजन आलं.

रंगांचं तर त्याहून मोलाचं. त्या काळच्या कृष्णधवल फिल्मला लाल दिसतच नसे, म्हणून रंगमंचावरची गालांची लाली पडद्यावर खड्ड्यासारखी उमटे. तुम्ही स्पॉटलाइटवरची निळी जिलेटीनची पट्टी डोळ्यांसमोर धरायला लावलीत. मोहिनीचं लाल पातळ काळं ठिक्कर पडलं, निळा काठ पांढुरका झाला आणि कुंकवाच्या जागी काळा ठिपका राहिला. नाटकातला सगळा मेकअप सोडून नव्यानं शिकणं म्हणजे काय, हे मुलींना त्या एका पट्टीतून कळलं. पतीच्या अकाली निधनानंतर तीन मुलांना याच कलेवर वाढवणाऱ्या कमलाबाईंच्या कामाकडे त्या आता वेगळ्या नजरेनं बघतात.

तुमची पट्टी मेकअपच्या पेटीत, आरशामागे जपून ठेवली आहे. मोहिनीचा प्रवेश पुन्हा बसवतोय. पाय बघायला याच, नाना.

आपली,
जळगावची हौशी नाटकमंडळी