ही झळाळी नव्हे, लोणा आहे!

मा. संपादक,
स. न.

बुलडाणा जिल्ह्यातल्या केंद्र-संरक्षित मंदिराला ‘नवी झळाळी’ मिळाल्याची बातमी कालच्या अंकात वाचली. फोटो मोठा छापलात, फार उपकार झाले. दरजांमधले (दगडांच्या सांध्यांतले) सिमेंट आणि द्वारशाखेवर, म्हणजे दाराच्या कोरीव चौकटीवर फासलेला ऑइलपेंट, दोन्ही स्वच्छ दिसतात.

हे बांधकाम चुन्याशिवाय, दगडावर दगड बसवलेले आहे. छतातून मुरलेले पाणी सांध्यांवाटेच बाहेर पडून वाळते. ती वाट सिमेंटने बुजली की ओल दगडातून वाट काढते आणि सिमेंटमधले क्षार बरोबर नेते. आधी पांढरा लोणा, म्हणजे दगडावर फुटून आलेला क्षारांचा थर दिसेल, मग क्षारांचे खडे आतून रेटा देतील आणि नक्षीचे पापुद्रे सुटतील. ऑइलपेंटही ओल कोंडतो आणि निघताना दगडाची साल घेऊन निघतो. तेव्हा कुणी तरी अ‍ॅसिडने धुवायची टूम काढेलच!

आधी छताची गळती थांबवायची असते. पिंपळाची रोपे ओढायची नसतात; ओढली की दगड हलतो. ती कापून मूळ मारावे लागते. दरज भरायचीच झाली तर जिथून पाणी आत शिरते तेवढीच. ती खरवडून, धुऊन, ओली करून भरायची. चांगला मुरवलेला चुना एक भाग, वाळू आणि सुरखी (विटांची भुकटी) मिळून दोन ते तीन भाग. भरण दगडाच्या कडेच्या किंचित आत ठेवायचे आणि वर आठवडाभर ओले गोणपाट. एवढा वेळ मार्चअखेरच्या बिलात बसत नाही, हे मान्य.

आवारातला निळा फलक स्मारकाची नासधूस करणाऱ्याला अजून ३ महिने कैद किंवा ५,००० रुपये दंडाची धमकी देतो. कायद्यातल्या २०१०च्या दुरुस्तीने ती शिक्षा २ वर्षे कैद किंवा १ लाख दंड, किंवा दोन्ही, इथपर्यंत गेली. फलक रंगवायला मात्र रंग उरला नसावा.

आणि अशा स्मारकापासून १०० मीटरच्या आत राहणाऱ्याने काय करावे? पडकी भिंत सावरायची तरी परवानगी हवी, कागद फिरत राहतात. देवळावर मात्र थेट थापी चालते.

जाता जाता, दिसेल त्या काळ्या देवळाला ‘हेमाडपंती’ म्हणणे आपल्या वार्ताहरांनी थांबवावे. ज्याच्यावरून हे नाव पडले तो यादवांचा मंत्री हेमाद्री तेराव्या शतकातला. अंबरनाथचे देऊळ १०६० सालचे. त्यालाही आपण मागे हेमाडपंतीच छापले होते.

— एक वाचक, बुलडाणा