मंजे, ५० भरले आणि १८८ उरले

प्रिय मंजू,

फोनच करणार होते. तीनदा नंबर काढला आणि तीनदा ठेवून दिला. तू नुसतं "हं, बोल" म्हणालीस तरी मला रडू येणार आणि आकडे सांगायचे राहून जाणार, आणि यावेळी आकडेच सांगायचेत. म्हणून लिहितेय. लांबणार आहे, चहा घेऊन बस.

आम्ही सगळे बरे. आईची शुगर आटोक्यात आहे, नितीनची पाठ अधूनमधून धरते, ओवी आता दहावीत. झालं.

तर मागच्या रविवारी टॅक्ससाठी घराच्या कर्जाचं व्याजाचं सर्टिफिकेट काढायला बँकेच्या ॲपमधे गेले. दरवर्षी तेवढं एक पान उतरवते आणि सीएला पाठवते, संपला विषय. यावेळी शेजारच्या बटणावर बोट पडलं आणि अख्खं स्टेटमेंट उघडलं. वर लिहिलेलं, भरलेले हप्ते ५०, शिल्लक हप्ते १८८. मला वाटलं दुसऱ्या कोणाचं खातं उघडलं, नाव बघितलं तर आमच्या दोघांचंच. मंजे, आम्ही कर्ज घेतलं तेव्हाच मुळी १८० हप्ते होते गं! चार वर्षं दोन महिने एकही हप्ता न चुकवता भरला आणि उरलेत सुरुवातीपेक्षा आठ जास्त.

नितीन आत क्रिकेट बघत होता. त्याला हाक मारायच्या आधी मला तू आठवलीस. मग मी आपलं चॅट वर वर सरकवत डिसेंबर २०२० पर्यंत गेले आणि तू पाठवलेली ती एक्सेलची फाइल सापडली. तेव्हा मी ती उघडलीच नव्हती. आज कबूल करते, "बघितली, छान आहे" असं लिहिलं होतं ते खोटं होतं.

तेव्हाचं सगळं डोळ्यासमोर आलं. सरकारने स्टॅम्प ड्युटी ३ टक्क्यांनी कमी केलेली, ३१ डिसेंबरपर्यंतच, बिल्डरच्या ऑफिसात जत्रा भरल्यासारखी गर्दी, आणि आम्हाला वाटत होतं की आत्ता नाही तर कधीच नाही. तू फोनवर एवढंच म्हणालीस की हप्ता किती ते मला सांगू नकोस, एकूण किती भरणार ते सांग. आणि मी म्हणाले, भाड्याच्या घरात राहून सल्ले द्यायला काय जातं. ते वाक्य माझ्या तोंडून गेलं आणि तू "बरं" म्हणून फोन ठेवलास. त्यानंतर आपण बोललो ते वाढदिवसाला आणि दिवाळीला. मला ते वाक्य रोज नाही पण बऱ्याचदा आठवतं. मी चुकले होते, आणि हे मी आज आकडे निघाले म्हणून म्हणत नाहीये, आकडे तुझ्या उलट निघाले असते तरी ते वाक्य वाईटच होतं.

आता आकडे. तू पतपेढीत रोज हेच करतेस, तुला हे पाठ आहे, पण मला एकदा माझ्या शब्दात म्हणू दे, बरोबर समजलंय का सांग.

४० लाख, १५ वर्षं, ६.९० टक्के, हप्ता ३५,७३०. तुझ्या शीटच्या पहिल्या टॅबवर खाली ठळक करून लिहिलंय, एकूण परतफेड ६४ लाख ३१ हजार, त्यातलं व्याज २४ लाख ३१ हजार. हे एवढंसुद्धा मी कधी गुणून बघितलं नव्हतं. मी बघत होते की ३५ हजार झेपतात का, आणि झेपत होते. आणि दर फ्लोटिंग, म्हणजे बदलता होता. सँक्शन लेटरमधे स्वच्छ लिहिलंय, रेपो (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने पैसे देते तो) अधिक २.९०. रेपो तेव्हा ४ होता म्हणून ६.९०. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ मधे रिझर्व्ह बँकेने तो सहा वेळा वाढवला, ४ चा ६.५० झाला. दर तीन महिन्यांनी माझा दर त्याच्या मागे गेला आणि एप्रिल २०२३ ला ९.४० वर जाऊन बसला. हप्ता मात्र ३५,७३० च! दर महिन्याच्या ५ तारखेला तेवढेच कापले जायचे आणि मी म्हणायचे, बघा आमचा काही वाढला नाही.

इथेच गोम आहे ना गं? २०२१ च्या पहिल्या हप्त्यातले २३,००० व्याजाला आणि १२,७३० मुद्दलाला गेले होते. २०२३ च्या एप्रिलच्या हप्त्यात मुद्दलाला गेले साधारण ६,८००. दोन वर्षं भरल्यावर मुद्दलाचा वाटा वाढायला हवा होता, तो जवळजवळ निम्मा झाला. उरलेला भार मुदतीने उचलला. १८० चे २३८ झाले. हा दर शेवटपर्यंत असाच राहिला असता तर ५८ हप्ते जास्त, म्हणजे २० लाख ७२ हजार. २४ लाख व्याजाचे ४५ लाख.

आणि हे वाच. ५० हप्त्यांत आम्ही १७ लाख ८६ हजार भरले. कर्ज कमी झालं ४ लाख ८८ हजारांनी. अजून ३५ लाख १२ हजार बाकी आहेत. मी ती वजाबाकी कागदावर तीनदा केली.

बँकेने फसवलं असं मला म्हणता येत नाही, तेच जास्त लागतंय. मेसेज आले होते, "आपल्या कर्जाचा व्याजदर सुधारित करण्यात आला आहे", सगळे सापडले. ऑगस्ट २०२३ मधे रिझर्व्ह बँकेने सगळ्यांना बजावलं की दर बदलला तर ग्राहकाला हप्ता वाढवायचा की मुदत की दोन्ही हे निवडू द्या, मधेच पैसे भरू द्या, आणि दर तिमाहीला किती हप्ते उरले ते कळवा. त्यानुसार आमच्या बँकेचा मेल डिसेंबरात आलाय. न उघडलेला. त्यात लिहिलंय की उत्तर न आल्यास हप्ता कायम ठेवून मुदत वाढेल. मी उत्तर दिलं नाही म्हणजे निवड झाली की.

तुला हॉस्टेलची भिशी आठवते? शैलीला एक दिवस उशीर झाला की तू तिच्याकडून दंडाचा वडापाव वसूल करायचीस, आणि मग त्यातला अर्धा परत तिलाच द्यायचीस कारण ती उपाशी असायची. परवा भेटली होती ती, अजूनही प्रत्येक फोटोत डोळे मिटलेले. तुझ्यासारखी खजिनदार घरात असती तर हा मेल न उघडता राहिला नसता.

अजून एक सापडलं, ते ऐकून तू चिडशील. सह्या करताना तिथल्या मुलीने एक विमा पुढे सरकवला होता, कर्जाला संरक्षण म्हणून, १ लाख २० हजारांचा एकरकमी हप्ता. म्हणाली "यात ॲड करून देते मॅडम, वेगळे भरायला नकोत." म्हणजे ४० लाखांतले १ लाख २० हजार त्याचे होते, घराचे नव्हतेच. ते कर्जात गेले, त्यावर व्याज चढलं, १८० हप्त्यांच्या हिशेबाने तो विमा १ लाख ९३ हजारांना पडतो आणि २३८ च्या हिशेबाने अडीच लाखांच्या वर. तो सक्तीचा नव्हता. विमा असावा याबद्दल वाद नाही, नितीनचा साधा टर्म प्लॅन वेगळा घेता आला असता, पण त्या दिवशी आम्हाला फक्त किल्ली दिसत होती.

आणि तो टॅक्सचा मुद्दा, ज्यावरून आपलं सगळ्यात जास्त वाजलं होतं. मी म्हणायचे व्याज जातं पण टॅक्स वाचतो. यंदाच्या सर्टिफिकेटवर व्याज आहे ३ लाख ३५ हजार. वजावट एकाच्या नावावर घेतली तर मिळते जास्तीत जास्त २ लाखांची, तीही टॅक्सच्या जुन्या पद्धतीत. नव्या पद्धतीत स्वतः राहत्या घराच्या व्याजावर काहीच नाही. अगदी ३० टक्क्यांच्या स्लॅबमधे धरलं तरी वाचतात ६० हजारांच्या आसपास. ६० वाचवायला ३३५ घालवायचे. तू हे तेव्हाच सांगितलं होतंस आणि मी तुला "बँकवाल्यांना सगळ्यात खोटच दिसते" म्हणाले होते.

आता खरी काळजी, जिच्यासाठी हे सगळं लिहितेय. नितीन ५८ ला म्हणजे २०३६ मधे रिटायर होणार. कर्ज मुळात जानेवारी २०३६ ला संपणार होतं, आम्ही ते तसंच बसवलं होतं. १८८ च्या हिशेबाने ते नोव्हेंबर २०४० ला संपतं. म्हणजे पगार थांबल्यावरही चारेक वर्षं हप्ता. एप्रिल २०२५ पासून दर ९.१५ झालाय तरी १८२ उरतात. हे कळल्यापासून रात्री तीनला जाग येते आणि मी पंख्याकडे बघत महिने मोजते.

बाबांनी गावची जागा विकली त्यातले ५ लाख माझ्या नावाने एफडीत आहेत. जायच्या आधी म्हणाले होते, हे तुझे, कोणाला विचारू नकोस. त्यावर ७ टक्के मिळतात, त्यातून टॅक्स जातो, आणि इकडे मी ९.१५ भरतेय. अख्खे ५ लाख कर्जात टाकले आणि हप्ता तोच ठेवला तर १८२ चे १३६ होतात. ४६ हप्ते, साडेसोळा लाखांच्या घरात! आकडा बघून वाटतं उद्याच भरावे, फ्लोटिंगला दंडही नाही. पण मग २०२० आठवतं, नितीनचा पगार सहा महिने निम्मा येत होता आणि मी डब्यातली चिल्लर मोजली होती, ते तुलाही सांगितलं नव्हतं. भिंतीत गेलेला पैसा अडीनडीला भिंतीतून काढता येत नाही. आणि ओवीच्या ॲडमिशनला तीन वर्षं राहिलीत. नितीन म्हणतो एफडीला हात लावू नको, त्यापेक्षा हप्ता वाढवू. नुसता हप्ता वाढवून २०३६ गाठायचं तर तो ४२,६८० होतो, महिन्याला सात हजार जास्त, आणि तेवढे दर महिन्याला निघणार नाहीत, त्यालाही माहीत आहे. यावरून आम्ही दोन दिवस बोललो नाही.

माझं मन असं म्हणतंय की ३ लाख भरावेत, २ लाख बाबांचे म्हणून तसेच ठेवावेत, आणि हप्ता चार हजारांनी वाढवून ३९,७३० करावा. मी मांडलं तर १२६ महिने आले, म्हणजे सप्टेंबर २०३५. बरोबर आहे का बघ ना. शिवाय नव्या गिऱ्हाइकांना रेपोच्या वर आमच्यापेक्षा कमी लावतात, आमचे २.९० तसेच. फी भरून ते कमी करून मिळतात म्हणे. सोमवारी बँकेत जाऊन लेखी अर्ज देणार आहे, त्यात आधी ते मागू की आधी पैसे भरू? आणि दुसऱ्या बँकेत कर्ज हलवायचं म्हणजे पुन्हा प्रोसेसिंग, गहाणखताची स्टॅम्प ड्युटी, वकील, ते सगळं धरून परवडतं का हे तूच सांगू शकशील. इथे कोणाला विचारलं की जो तो स्वतःचा हप्ता सांगतो. एकूण किती भरणार हे कोणालाच माहीत नाही.

तुझी बदली जयसिंगपूरला झाली असं शैलीकडून कळलं, रोज जाऊन येऊन करतेस का? काकूंचं मोतीबिंदूचं ऑपरेशन नीट झालं ना, मी यायला हवं होतं. आणि सोहमने बुद्धिबळात बक्षीस मिळवलं त्याचा फोटो बघितला, किती उंच झालाय गं.

शनिवारी संध्याकाळी सातला फोन करते. उचल. आधी माफी मागणार आहे, ती ऐकून घे, मग शीट उघड.

तुझी,
वैशू

ता.क. ९ एप्रिल २०२५ ला रेपो परत पाव टक्का उतरला, ६ झाला. त्या हिशेबाने माझा दर ८.९० होतो. तुझ्या फाइलच्या दुसऱ्या टॅबवर "दर २ टक्के वाढला तर" म्हणून तू नेमका हाच आकडा धरला होतास आणि शेजारी लाल अक्षरात लिहिलं होतंस, "हप्ता तोच राहिला तर मुदत बघ वैशू". नवीन शीट करू नकोस, त्याच टॅबमधे भरू.