आत्तीचा चेहरा आणि उतू गेलेलं दूध

मंगळवार पेठ, कोल्हापूर

चि. राणीस अनेक आशीर्वाद.

टीव्हीवरचे तुकडे जोडून केलेली तुझी सात मिनिटांची फिल्म मोबाईलवर तीनदा बघितली. पहिल्यांदा काही कळंना, खरं सांगतो. साबण, गोरं करायची क्रीम, ओरडणारे अँकर. आवाज एकाचा, तोंड दुसऱ्याचं. आई म्हणाली, "मोबाईल बिघडला काय?"

तू पाठवलेली अमेरिकेतल्या ब्रूस कॉनरची 1958 ची फिल्म 'ए मूव्ही' मात्र लगेच उमगली. पठ्ठ्यानं स्वतः एक फूटसुद्धा शूट केलं नाही, सगळी दुसऱ्यांची रिळं. पाणबुडीतला माणूस पेरिस्कोपातून बघतो, पुढच्या तुकड्यात बाई, मग टॉर्पेडो, मग अणुबॉम्बचा ढग. चिंध्या चार ठिकाणच्या, गोष्ट आपल्याच डोक्यात शिवली जाते. जाहिरातवाले तरी दुसरं काय करतात?

माझ्या हातून हे एकदा चुकून झालंय. मी टॉकीजला ऑपरेटर होतो तेव्हा पिक्चरआधी सरकारच्या फिल्म्स डिव्हिजनचं बातम्यांचं रीळ लावणं सक्तीचं होतं. एकदा ते तुटलं. घाईत पट्टी खरवडली, फिल्म चिकटवायचं सिमेंट लावलं, दाबून धरलं आणि तुकडा भलताच जोडला. मंत्र्यांनी फीत कापली, टाळ्या पडल्या आणि पुरातून म्हैस पोहत निघाली! पब्लिक खुर्च्या बडवून हसलं. माझा दिवसाचा पगार गेला. परवा खरी कॉर्नरला, बाबूराव पेंटरांच्या कॅमेऱ्याच्या स्मारकापाशी आमचा जुना डोअरकीपर भेटला. त्याला पिक्चरचं नाव आठवत नाही, म्हैस आठवते.

आता खटकलेलं सांगतो. क्रीमच्या जाहिरातीनंतर तू आत्तीचा चेहरा लावलायस, डोळे विस्फारलेले. बघणाऱ्याला वाटतं, बाई भुललीच. मी तिथंच बसलो होतो की गं. ती टीव्ही बघतच नव्हती, दूध उतू चाललं होतं. रशियात कुलेशोव्ह नावाच्या दिग्दर्शकानं एकाच चेहऱ्याला कधी सूप, कधी शवपेटी जोडून लोकांना चकवलं, हे तूच मला सांगितलंस. मग आपल्याच आत्तीवर तो खेळ गुपचूप कशाला?

दुधाचा शॉट तुझ्याकडं असेलच. तोच चेहरा पुन्हा घे आणि पुढं दूध जोड. हसता हसता बघणाऱ्याला कळू दे, आत्ता त्याला फसवलं ते क्रीमवाल्यानं नव्हे, तू. अँकरचा भाग लांबलाय, तिथं कात्री चालव.

आत्तीला अजून दाखवलेली नाही. गणपतीला येशील तेव्हा तूच दाखव, मी शेजारी बसतो.

तुझा,
आप्पा