चार्जिंगचा नकाशा बायपासवर संपायला नको

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

इलेक्ट्रिक गाड्यांबद्दल इंदुरात सध्या जी काही चर्चा चाललीये ती सगळी शहरातल्या शहरात फिरतेय, विजयनगरला चार्जर कुठे लागणार, पलासियाला जागा आहे का, नव्या ई-बस कुठून कुठे धावणार, आणि बायपास ओलांडला की विषयच संपतो. पण आपल्या लोकांचं रोजचं जाणं-येणं बायपासपाशी थांबतं का? इंदूरहून पीथमपूरला रोज किती लोक कामाला जातात ते सकाळी राऊच्या चौकात उभं राहून बघा. देवासला बँकनोट प्रेस आणि कारखान्यांत जाणारे आहेत, महूहून शिकायला येणारी मुलं आहेत, उज्जैनहून रोज अपडाउन करणारे आहेत. पोटासाठी आपण सगळे ह्या पूर्ण पट्ट्यात फिरतो आणि प्लॅनिंग मात्र एकेका नगर निगमच्या हद्दीत होतं.

मध्य प्रदेश सरकारने 2025 मध्ये नवीन ईव्ही पॉलिसी आणली, त्यात पाच शहरं मॉडेल ईव्ही सिटी म्हणून घेतलीत, इंदूर, भोपाळ, जबलपूर, ग्वाल्हेर आणि उज्जैन. चांगलीच गोष्ट आहे, इंदूर आणि उज्जैन दोन्ही त्यात आहेत. पण देवास नाही, आणि पीथमपूर तर नाहीच, कारण ते शहर म्हणून कोणाच्या डोळ्यासमोर येतच नाही, कागदावर ते धार जिल्ह्यात. ज्या गावात ट्रक आणि बस बनतात, जिथे नॅट्रॅक्स ह्या गाड्या तपासायच्या केंद्राचा 11.3 किलोमीटरचा हायस्पीड ट्रॅक 2021 पासून सुरू आहे आणि देशभरातल्या गाड्या टेस्टिंगला येतात, त्या गावाला रोज जाणाऱ्या कामगारांच्या स्टाफ बस बहुतेक आजही डिझेलवर चालतात.

मला ह्या स्टाफ बसबद्दलच जास्त बोलायचंय, कारण माझ्या मते सगळ्यात आधी इलेक्ट्रिक करायला सोप्या गाड्या ह्याच आहेत आणि त्यांच्याबद्दल कोणीच बोलत नाही. मी स्वतः पीथमपूरला नोकरी करतो, बरीच वर्षं ह्या बसने जातो. बसचा रूट ठरलेला, वेळ ठरलेली, एका फेरीचे किलोमीटर ठरलेले, कुठे किती प्रवासी चढणार तेही ड्रायव्हरला तोंडपाठ. फर्स्ट शिफ्ट सोडली की बस कारखान्याच्या बाहेर रांगेत उभी राहते ती शिफ्ट सुटेपर्यंत. ड्रायव्हर लोक बसच्या सावलीत चादर टाकून पत्ते खेळतात नाहीतर झोपतात, उन्हाळ्यात तर पत्रा इतका तापतो की आत बसवत नाही, आणि तेवढा सगळा वेळ ती गाडी नुसती उभी असते. छोटी 9 मीटरची इलेक्ट्रिक बस किलोमीटरला साधारण एक युनिट खाते, सुदामानगर-अन्नपूर्णाहून पीथमपूर जाऊन-येऊन एसी धरून 70-80 युनिटचं काम. एवढ्यासाठी मोठा फास्ट चार्जर लागतच नाही, 30 किलोवॅटचा साधा चार्जर तीन तासांच्या आत काम करून टाकेल आणि बस तर उभी सहा-सात तास आहे!

आणि हे तास कुठले, तर भर उन्हाचे. केंद्राच्या सप्टेंबर 2024 च्या चार्जिंग गाइडलाइन्समध्ये सकाळी 9 ते दुपारी 4 ह्या वेळेत सार्वजनिक चार्जिंग स्टेशनला वीज पुरवठ्याच्या सरासरी खर्चाच्या 0.7 पट आणि बाकी वेळी 1.3 पट दराने द्यावी असं आहे, कारण दुपारी सोलरची वीज भरपूर असते आणि संध्याकाळी सात वाजता सगळं शहर एकदम लोड टाकतं. मग सरळ हिशोब आहे, दिवसा जिथे गाड्या उभ्या असतात तिथे चार्जर पाहिजेत, म्हणजे पीथमपूरच्या कारखान्यांच्या पार्किंगमध्ये, देवासच्या इंडस्ट्रियल एरियात, कॉलेजांच्या स्टँडवर. आपण मात्र चार्जर शोधतो पेट्रोल पंपावर आणि मॉलमध्ये, जिथे गाडी अर्धा-पाऊण तास थांबते. पेट्रोलची सवय डोक्यातून जात नाही म्हणून तसं होतं. पेट्रोल भरायला आपल्याला गाडी घेऊन जावं लागायचं, वीज गाडीपाशी येऊ शकते.

आता बस आणि बायो-सीएनजी, म्हणजे ओल्या कचऱ्यापासून केलेला गॅस. ह्या बाबतीत इंदूरकडे जे आहे ते फार कमी शहरांकडे आहे. देवगुराडियाच्या ट्रेंचिंग ग्राउंडवरचा, म्हणजे शहराचा कचरा जातो तिथला, गोबर-धन प्लँट 19 फेब्रुवारी 2022 ला सुरू झाला, रोजचा 550 टन ओला कचरा घ्यायची आणि 17,000 किलो गॅस काढायची त्याची क्षमता, शिवाय 100 टन खत. आपल्या घरातल्या भाजीच्या देठांपासून होणारा गॅस आहे हा. उद्घाटनाच्या वेळी ठरलं होतं की किमान निम्मा गॅस नगर निगम घेईल आणि 250 सिटी बस त्याच्यावर चालतील. पण आता परिस्थिती बदलतेय. केंद्राच्या पीएम ई-बस सेवा योजनेत मध्य प्रदेशला 552 इलेक्ट्रिक बस मंजूर झाल्या, त्यातल्या 150 इंदूरच्या. म्हणजे शहरात जसजशा ई-बस वाढतील तसतसा सीएनजी बसचा भार कमी होत जाईल, मग हा गॅस कुठे वापरायचा हे आत्ताच ठरवायला नको का?

माझं म्हणणं असं, की शहरातल्या छोट्या फेऱ्या, वारंवार थांबणं, सिग्नल, ही सगळी कामं इलेक्ट्रिक बसला द्या, ब्रेक मारला की थोडी वीज बॅटरीत परत जाते, त्यामुळे थांबत-थांबत चालण्यात तिचाच फायदा. आणि हा कचऱ्याचा गॅस द्या लांबच्या गाड्यांना, गंगवाल बस स्टँडहून धार, सरवट्याहून उज्जैन, तीन इमलीहून पुढे. रिकामी टाकी दहा-पंधरा मिनिटांत भरते आणि बस लगेच परत निघते. हिशोब करून बघा, निम्मा गॅस म्हणजे 8,500 किलो, एका किलोत बस 4 किलोमीटर गेली असं धरलं तरी रोजचे 34,000 किलोमीटर होतात. इंदूर-उज्जैन जाऊन-येऊन 110 किलोमीटरच्या आसपास, तर अशा 300 फेऱ्या निघतात, कचऱ्यातून! राज्य सरकारने एप्रिल 2025 मध्ये मुख्यमंत्री सुगम परिवहन सेवेला मंजुरी दिली, म्हणजे गावोगावच्या बससेवेची घडी नव्याने बसवायला घेतलीये, तर ह्याच वेळी कुठला रूट गॅसवर आणि कुठला विजेवर हे लिहून ठेवता येईल. एकदा परमिट वाटून झाले आणि मालकांनी डिझेलच्या गाड्या हप्त्यावर घेतल्या की पुढची दहा वर्षं कोणी हात लावणार नाही.

सिंहस्थाचंही तसंच आहे. 2028 ला उज्जैनला करोडो लोक येणार, बहुतेक इंदूर-देवासवरून. गाड्या गावाबाहेर अडवून तिथून शटल बस सोडतात, मागच्या सिंहस्थात 2016 ला सॅटेलाइट टाउन केलेच होते. ह्या वेळी तिथे इलेक्ट्रिक बस चालवायच्या असतील तर वीज आत्तापासून ओढावी लागेल, ऐन वेळी बांबूवर वायरी टाकून बसचे चार्जर चालत नाहीत, त्याला ट्रान्सफॉर्मर लागतो, सबस्टेशनमध्ये जागा लागते. आणि माझी कळकळीची विनंती आहे की हे चार्जर मेळ्याच्या शेतात न लावता सांवेर, देवास, उज्जैनच्या कायमच्या बस स्टँडवर आणि डेपोत लावा, मेळा दोन महिन्यांत उठतो, बस स्टँड तिथेच राहतं आणि नंतर आपल्या रोजच्या लोकांना उपयोगी पडतं.

शहराच्या आतलाही एक प्रश्न आहे जो नव्या कॉलन्यांत दिसत नाही. रामबाग, नारायणबाग, इकडे राजवाड्यामागच्या गल्ल्या, इथे जुने वाडे, एका वाड्यात चार-पाच बिऱ्हाडं, गाड्या रस्त्यावर. आमच्याच गल्लीत दुसऱ्या मजल्यावरून एक्स्टेंशन बोर्डाची वायर खाली सोडतात, मधे जोड आहे, त्याला काळी टेप आणि वरून प्लास्टिकची पिशवी गुंडाळलेली, खाली स्कूटर. पाऊस सुरू झाला की शेजारच्या काकू गॅलरीतून ओरडतात, अरे ती वायर काढा रे. ह्यात त्या पोराची तरी काय चूक, पेट्रोल परवडत नाही म्हणून त्याने स्कूटर घेतली, दिवसभर डिलिव्हरी करतो. फेब्रुवारी 2024 मध्ये केंद्राने ग्राहक हक्कांचे नियम बदलले, त्यानुसार मागितलं तर ईव्ही चार्जिंगसाठी वेगळं कनेक्शन मिळतं, पण आमच्याकडे किती लोकांना हे माहीत आहे? आणि माहीत असलं तरी ज्याच्या नावावर मीटरच नाही, भाडेकरू आहे, त्याने काय करायचं. माझ्या बहिणीच्या मल्टीमध्ये, म्हणजे फ्लॅटच्या बिल्डिंगमध्ये, तर कमिटीने आग लागेल म्हणून चार्जिंगला सरळ बंदीच घातली. भीती समजते मला, पण त्याला उपाय बंदी नाही, नीट अर्थिंग, वेगळा एमसीबी (लोड वाढला की आपोआप पडणारा स्विच) आणि जाड वायर हा उपाय आहे. बंदी घातली की लोक लपून-छपून लावतात आणि ते जास्त धोक्याचं.

ई-रिक्शावाल्यांचे तर हाल त्याहून वाईट. रात्री एखाद्या शेडमध्ये पैसे देऊन गाड्या लावतात, एकाला एक चिकटून, बऱ्याच गाड्यांत अजून लेड-ॲसिड बॅटऱ्या, दार उघडलं की ॲसिडचा वास डोळ्यात जातो, चार्जर गरम होऊन गुणगुणत असतात आणि त्यातच कोणी झोपलेलं असतं. नगर निगमने प्रत्येक झोनमध्ये एक रात्रीचा चार्जिंग स्टँड केला, डीपीजवळ, हवा खेळती असलेला, पत्र्याचं छत आणि आग विझवायची सोय असलेला, तर ह्या लोकांवर उपकार होतील असं नाही म्हणणार मी, हा त्यांचा हक्कच आहे, शहराला धूर न सोडता फिरवतात ते.

अजून एक, आपल्या मराठी मंडळींशी थेट संबंध असलेलं. लग्नकार्य, गणपती, कुळाचार, कशासाठी ना कशासाठी आपण महाराष्ट्रात जातोच, आणि रस्ता तोच, मानपूर, भेरूघाट, धामनोद, सेंधवा, बिजासन घाट, शिरपूर, धुळे. धुळ्यापर्यंत अडीचशे किलोमीटरच्या आसपास. घाट उतरताना बॅटरीला थोडं परत मिळतं पण परतीला तोच घाट चढताना भराभर उतरते, हे ज्यांनी गाडी नेली ते सांगतील. केंद्राच्या 2022 च्या गाइडलाइन्समध्ये हायवेवर दोन्ही बाजूंना दर 25 किलोमीटरला चार्जिंग स्टेशन असावं असं होतं, पण नुसतं अंतर मोजून घाटाच्या रस्त्याचं काम होत नाही, चढ सुरू व्हायच्या आधी चार्जर हवा आणि तो चालू हवा. इथे मध्य प्रदेशचा नकाशा सेंधव्याला संपतो आणि महाराष्ट्राचा पळासनेरला सुरू होतो, दोन्हीकडच्या अधिकाऱ्यांनी एकदा एकत्र बसायला काय हरकत आहे.

हे सगळं करणार कोण, तर 2025 मध्ये विधानसभेने महानगर क्षेत्राचा कायदा केलाय आणि इंदूर, उज्जैन, देवास, धार वगैरे मिळून एक क्षेत्र करायचं चाललंय. जे प्राधिकरण नकाशे काढेल त्याने रस्ते आणि कॉलन्यांबरोबर विजेचे चार्जिंग आणि गॅसचे पंपही त्याच नकाशावर दाखवावे, वीज कंपनीला पहिल्या दिवसापासून टेबलावर बसवावं, आणि कारखान्यांकडून त्यांच्या स्टाफ बसची यादी मागवावी, किती बस, कुठून, किती वाजता, हे एका महिन्यात जमणारं काम आहे.

तुम्हाला एकच विनंती. महानगर योजनेचा मसुदा आला आणि हरकती-सूचना मागवल्या की त्याची तारीख आणि अर्ज कुठे द्यायचा हे पहिल्या पानावर ठळक छापा, सरकारी नोटीस कुठल्यातरी कोपऱ्यात बारीक अक्षरात येते आणि आपल्या लोकांना मुदत संपल्यावर कळतं. पीथमपूरच्या स्टाफ बसमधल्या आम्हा लोकांची एक सही केलेली सूचना तरी त्यात नक्की असेल, मी आमच्या बसमध्ये बोलायला सुरुवात केलीये.

आपला,
एक नियमित वाचक
रामबाग, इंदूर