चिठ्ठीवर कोणतं नाव लिहायचं?

प्रति,
मा. उच्च व तंत्रशिक्षण मंत्री,
महाराष्ट्र राज्य

मंत्री महोदय, सप्रेम नमस्कार.

तहसील कचेरीसमोर माझं झेरॉक्सचं आणि अर्ज टाइप करून देण्याचं दुकान आहे. ‘उपरोक्त विषयास अनुसरून’ हे शब्द रोज इतक्या वेळा टाइप करते, की स्वतःच्या पत्रात ते नकोसे झाले. सार्वजनिक ग्रंथालयं तुमच्या खात्याकडे येतात, म्हणून तुम्हालाच लिहिते आहे.

गेल्या पावसाळ्याच्या सुरुवातीला मुलीला घेऊन गावच्या वाचनालयात गेले. ती आठवीत आहे. ओढ्याला चढणीचे मासे आले होते आणि ते पाण्याच्या उलट का जातात, ते तिला वाचायचं होतं. काउंटरवरच्या काकांनी चिठ्ठी पुढे केली. “पुस्तकाचं नाव लिही, खाली लेखकाचं.” तिने माझ्याकडे पाहिलं. मलाही नाव माहीत नव्हतं. शेवटी तिने चिठ्ठीवर ‘मासे’ एवढंच लिहिलं. काका आत जाऊन आले. या नावाचं पुस्तक नाही म्हणाले. कोणीतरी परत केलेली एक भयकादंबरी काउंटरवर पडली होती, ती घेऊन आम्ही घरी आलो. कादंबरी तिने एका रात्रीत संपवली, तक्रार नाही. पण मासे राहिले ते राहिलेच.

जे पुस्तक आहे हेच ठाऊक नाही, त्याचं नाव माणूस चिठ्ठीवर कसं लिहिणार? माझी सगळी तक्रार एवढ्या एका प्रश्नात आहे.

आमच्याकडे दर्शनी दोन कपाटं कादंबऱ्यांची. चरित्रं, निसर्ग, विज्ञान, प्रवास, शेती, वैचारिक असं बाकी सगळं आतल्या खोलीत, कुलपात. त्या खोलीची आता अभ्यासिका झाली आहे. स्पर्धा परीक्षेची मुलं पहाटेपासून आपापली पुस्तकं घेऊन बसतात आणि त्यांच्या खुर्च्या कपाटांना अशा टेकलेल्या असतात, की किल्ली असली तरी दार उघडायचं नाही. मुलांवर राग नाही, त्यांना घरी बसायला जागा नसते. पण यात झालं असं, की बहुतेक वर्गणीदार कादंबरीच नेतात आणि मग ‘लोकांना कादंबऱ्याच लागतात’ म्हणून नव्या खरेदीतही कादंबऱ्याच येतात.

मला स्वतःला वाचनाची गोडी लागली ती वाळवीमुळे. हसू नका. मी कॉलेजात असताना एका उन्हाळ्यात वाचनालयाच्या कपाटांना वाळवी लागली आणि सगळी पुस्तकं ऊन दाखवायला अंगणात सतरंज्यांवर काढली. रचायला मी आणि एक मैत्रीण होतो. वर्गवारी वगैरे कुणी पाहिली नाही. लोणच्यांच्या पाककृतींशेजारी विषारी साप, त्याच्याशेजारी एक फाटकी रहस्यकथा, आणि तिच्याखाली गोडसे भटजींचं ‘माझा प्रवास’. वरसईचे विष्णुभट गोडसे दक्षिणा मिळवायला उत्तरेत गेले आणि १८५७ च्या धामधुमीत सापडले. झाशीला वेढा पडला तेव्हा ते झाशीतच होते. १९०७ साली छापून आलेलं ते पुस्तक मी रहस्यकथेसारखं वाचलं आणि रहस्यकथा तशीच राहिली. चिठ्ठीवर मी ते नाव जन्मात लिहिलं नसतं. ‘प्रवास’ म्हटल्यावर मला सहलीचं वर्णन वाटलं असतं. शिवाय ते ठेवायचं तरी कुठे? प्रवासवर्णनात, इतिहासात, की आत्मचरित्रात? सतरंजीवर हा प्रश्नच पडला नाही.

तशी ही सरमिसळ मराठी वाचकाला नवी नाही. ‘मनोरंजन’ मासिकाने १९०९ साली दिवाळी अंक काढला, तेव्हापासून आपण कथा वाचता वाचता लेखाकडे, लेखातून कवितेकडे आणि सगळं संपल्यावर (खरं तर सगळ्यांत आधी) राशिभविष्याकडे जातोच. आमच्या वाचनालयात दिवाळी अंक मात्र टेबलावर उघडे ठेवतात आणि महिनाभर तिथे बसायला जागा मिळत नाही.

आता सरकारचं. ग्रंथालयांचा कायदा १९६७ चा. अ, ब, क, ड असे वर्ग, वर्गाप्रमाणे अनुदान. २०२२ मध्ये तुमच्याच खात्याने ते ६० टक्क्यांनी वाढवलं, त्याबद्दल आभार. आमच्या काकांचा पगार ऐकलात तर आभार थोडे आवरते घ्यावे लागतील, पण तो वेगळ्या पत्राचा विषय.

काकांची अडचण मी त्यांना विचारली. ते म्हणाले, “कपाट उघडं ठेवलं आणि पडताळणीत दहा पुस्तकं कमी भरली, तर उत्तर मी द्यायचं.” बरोबरच आहे त्यांचं. वाचकाने स्वतः कपाटापाशी जाऊन पुस्तक निवडायचं, या मुक्तद्वार पद्धतीचा आग्रह ग्रंथालयशास्त्रज्ञ रंगनाथनांनी १९३१ सालीच धरला होता, ग्रंथपालनाच्या अभ्यासक्रमात तो शिकवलाही जातो. पण पुस्तक हरवलं तर बोट ज्याच्याकडे वळतं, तो माणूस किल्ली कमरेलाच लावणार. कपाटं उघडायची असतील तर आधी ही भीती काढावी लागेल. वर्षाला ठराविक पुस्तकं हरवणार, फाटणार हे धरूनच चाला आणि त्यांचं निर्लेखन, म्हणजे नोंदवहीतून नाव कमी करणं, एका साध्या अर्जावर होऊ द्या. तो अर्ज मी फुकट टाइप करून देईन. मग तपासणीला येणाऱ्या अधिकाऱ्यांना नोंदवह्यांबरोबर एवढंही पाहायला सांगा, की वाचकाचा हात पुस्तकापर्यंत पोचतो का. वर्ग ठरवताना त्याला गुण द्या.

हे जमतं हे तुम्हालाही माहीत आहे. पाचगणीजवळच्या भिलारमध्ये २०१७ साली सरकारनेच पुस्तकांचं गाव केलं. लोकांच्या घरांत पुस्तकं मांडली आहेत. कुणीही जावं, काढावं, ओसरीवर बसून वाचावं. चिठ्ठी नाही. (तिथेही एका घरी इतिहास आणि दुसऱ्या घरी कविता असं वाटून दिलंय, पण निदान मधल्या रस्त्याने चालत जाता येतं.) महाबळेश्वर-पाचगणीला फिरायला आलेल्या पाहुण्यावर जेवढा विश्वास टाकता, तेवढा आमच्यासारख्या वर्गणी आणि अनामत भरलेल्या माणसावर टाका.

आणि एक टेबल द्या. प्रत्येक वाचनालयात, दाराजवळ. दर आठवड्याला आतल्या खोलीतली पंचवीस-तीस पुस्तकं न निवडता त्यावर पसरायची. कथा, किडे, कायदा, कुणाचं तरी आत्मचरित्र. याला निधी लागत नाही, आमच्याकडे टेबल आहे, सध्या त्यावर पाण्याचं पिंप ठेवलंय.

आमच्या तालुक्याला कधी दौरा झाला तर आगाऊ कळवू नका. कळवलंत तर कपाटं त्या दिवसापुरती उघडी असतील. तसेच या, आणि एक चिठ्ठी मागून घ्या.

आपली,
एक वर्गणीदार